दुरपदाबाईंचा गळा आणि माझा

८ जानेवारी २०२४, सोमवार. सकाळी ७.४०

आजपासून रियाझ. पाचला उठायचं ठरलं होतं, उठलो सव्वासातला. पण उठताना मनात सूर होता. सुरुवात मनातूनच होते.

दही, लोणचं, तळलेलं बंद. ज्येष्ठमध चालू. कंपनीतून रिटायर होऊन आठ महिने झाले. शिफ्टच्या भोंग्यावर तीस वर्षं काढली, आता गळ्याला न्याय द्यायचा.

निमित्त असं. काल पेणहून ताईची ऋतुजा आली होती. शूटिंगवाल्यांकडे असते. काम काय करते ते नीट कळत नाही, पण कमरेला वॉकीटॉकी असतो. म्हणाली, इंग्लंडची एक टीव्ही सिरीयल रोह्यात महिनाभर शूट होणार, ब्रिटिशांच्या काळातली, नदीकाठच्या जुन्या बंगल्यात. मुख्य बाई डोरोथिया पेनफोल्ड, वय सदुसष्ट. आधी ऑपेरा गायिका, आता पडद्यावर.

मी विचारलं, ऑपेरा म्हणजे? ऋतुजा म्हणाली, मामा, आपलं संगीत नाटकच, पण सगळंच गाण्यात, आणि गाणाऱ्यापुढं माईक नसतो.

माईक नसतो! मी ताटावरून उठून उभा राहिलो. एकोणतीस वर्षं मी भजनी मंडळात माईकशिवाय गातोय. मंडळच माझ्यापुढं माईक ठेवत नाही. म्हणजे इतकी वर्षं मी ऑपेरा गात होतो आणि अख्ख्या अष्टमी गावात कोणाला कळलं नाही. मलासुद्धा.

सगुणाला सांगितलं. ती म्हणाली, आदी पान्याचा पंप बंद करा, टाकी वाहतेय. मग काय ती ऑपेरा करा.

कलावंताच्या बायकोला कलेची कदर नसते, असं कुठंतरी वाचलंय.

११ जानेवारी, गुरुवार

रियाझ नाही. थंडी. थंडीत गळा उघडणं धोक्याचं.

त्याऐवजी बाईंच्या करिअरचा अभ्यास केला, मोबाईलवर, चष्मा लावून, चार तास. वडील बंदरावर मासळी विकायचे. पोर बाजारात भाव ओरडायची, तिथं आवाज तयार झाला. चर्चमध्ये गायची. चोविसाव्या वर्षी एका मोठ्या थेटरात मुख्य गायिका अचानक आजारी पडली. हिला चार तास आधी बोलावलं. दुसरीचा झगा टाचण्या लावून घातला आणि गायली. लोक उभे राहिले. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो.

अंगावर काटा आला. माझं हुबेहूब असंच झालंय. कार्तिकातल्या सप्त्यात हैबतराव बुवांना ताप भरला आणि मी पुढं बसलो होतो. लोक उभे राहिले होते. सगुणा म्हणते शेवटच्या एसटीची वेळ झाली होती. पण उभे राहिले होते हे तीही नाकारत नाही.

मंडळाने नंतर मला टाळ दिले. मग टाळ काढून घेऊन सतरंज्यांची जबाबदारी दिली. जबाबदारी प्रत्येकाला देत नाहीत.

१५ जानेवारी, सोमवार. पेण, ताईकडे

घरी रियाझ जमेना. माझ्या आवाजाने शेजारची म्हैस दूध देईना, असा आरोप झाला. म्हणून पेणला आलो. ताईच्या घरामागं गणपतीचा कारखाना आहे. दुपारी कारागीर जेवायला गेले तेव्हा आत गेलो. फळ्यांवर चारशे गणपती, रंगाविना पांढरे. समोर उभा राहून वरचा सा लावला. पाऊण तास गायलो. चारशेंपैकी एकही उठून गेला नाही. डोळे काढायचे बाकी होते, पण कान सगळ्यांचे ऐसपैस.

एवढ्या शांतपणे आजवर कोणी मला ऐकलेलं नाही.

कारागीर परत आले आणि म्हणाले, काका, माती ओली हाय, आवाजानं चिरा जातील. थट्टा होती की दाद, ठरवता आलं नाही. दाद धरली.

१९ जानेवारी, शुक्रवार

रोल मिळाला!!

ऋतुजाचा फोन. पोस्टमनचा रोल. त्यांना पन्नाशीपुढचा, मिशीवाला, इथलाच माणूस हवा होता. सीन थेट डोरोथियाबाईंबरोबर. डायलॉग: टेलिग्राम, मॅडम.

ऋतुजाला विचारलं, पुढं? ती म्हणाली, पुढं काही नाही, निघून जायचं. मी विचारलं, तो निघून जातो तेव्हा त्याच्या मनात काय असतं? ती म्हणाली, मामा, माझी मीटिंग आहे.

म्हणजे मनातलं माझ्यावर सोडलंय. पोस्टमनचं नाव मीच ठेवलं, रघू. बायको तापाने गेली, एक मुलगी उरणला दिली. आवाज उत्तम, पण खात्यात कोणाला माहीत नाही.

सगुणा म्हणाली, टपाल वाटनाऱ्याला एवडा इचार करत बसून चालंल? उशीर होईल.

तीही बाहेर निघालेली. लग्नसराई सुरू झालीय, तिला पेणपासून रोह्यापर्यंत बोलावणी असतात. आमच्या आगरी लग्नात हळदीला, मांडवाला बायका धवले गातात आणि ते सुरू करून शेवटापर्यंत नेणारी ती धवलारीण. सगुणाचं सव्वीस वर्षं तेच चाललंय. मी त्यात पडत नाही. ते गाणं नव्हे, लग्नातलं काम आहे. तांदूळ निवडावेत तसं.

२३ जानेवारी, मंगळवार

आज मी स्वतःची ओळख करून दिली.

शूटिंग नदीच्या पलीकडं रोह्याच्या बाजूला, गेटवर सिक्युरिटी. ओळखपत्र अजून नाही. पण कलेला गेट लागत नाही. कुंडलिकेच्या अलीकडच्या काठाला, आमच्या अष्टमीच्या बाजूने, दगडावर उभा राहिलो. पलीकडं बाई खुर्चीत बसलेल्या दिसल्या, पांढरी छत्री. मी छातीत हवा भरली आणि अभंग सोडला.

परिणाम विलक्षण. साऊंडवाल्याने कानावरचे हेडफोन काढले आणि उभा राहिला. मग सगळेच उभे राहिले. बाईंनी हात उंच केला. एक माणूस तर भारावून दोन्ही हात हलवत काठापर्यंत धावत आला.

संध्याकाळी ऋतुजाचा फोन. मामा, नदीकडं ओरडत होता तो माणूस तुमच्या ओळखीचा आहे का, चार शॉट वाया गेले. मी म्हणालो, चौकशी करतो.

पण हात त्यांनी उंच केला होता. तो मी पाहिला.

२६ जानेवारी, शुक्रवार

सुलेमान आला होता. सुलेमान माझा शाळेपासूनचा मित्र. अठरा वर्षं कुवेतला काढून आला, गाडी घेतली, इंग्रजी फाडफाड. सध्या त्याची गाडी बाईंच्या दिमतीला. रोज बंगल्यावर ने-आण करतो.

तो म्हणाला, गुणाजी, बाई गात नाय रे.

मी म्हणालो, असं कसं?

म्हणाला, सोळा वर्षं झाली. गाडीत तिनंच सांगितलं. मोठं थेटर, भरलेलं, आणि वरचा सूर लावायला तोंड उघडलं तर आवाजच आला नाय. नुसती हवा. बाईनं तोंड मिटलं. खाली वाजवणारे वाजवत राहिले, ही मधोमध उभी. परदा पडेपर्यंत उभी. त्यानंतर कदी गायली नाय. बाथरूममध्येपण नाय. मग टीव्हीवाल्यांनी त्यांच्या एका नवाबाच्या, म्हणजे लॉर्डाच्या, आईचं काम दिलं. तेव्हापासून हिनं अकरा लॉर्डांच्या आया केल्या, म्हणाली.

तो पुढं म्हणाला, या सिरीयलमध्ये शेवटी तिनं गायचंय. लेक लढाईत गेल्याची तार येते, त्यानंतर. प्रोड्यूसर मागं लागलेत, तुम्हीच गा. ही म्हणते, नाय. दुसरीचा आवाज डब करणार.

मी सुलेमानला म्हणालो, तार तर मीच देतो.

तो म्हणाला, हां, मग?

त्याला कळलं नाही. मला कळलं. नियतीने हे काम माझ्यावर टाकलंय. बाईंचा गळा मी परत आणणार.

३० जानेवारी, मंगळवार

काढा: आलं, मिरी, हळद, लवंग, अडुळसा, खडीसाखर, आणि थोडं माझं स्वतःचं. सुलेमानबरोबर थर्मास पाठवला. चिठ्ठी इंग्रजीत: फॉर थ्रोट. फुल ग्लास. फ्रॉम गुणाजी म्हात्रे, ऑपेरा (अष्टमी).

३१ जानेवारी, बुधवार

बाई आज शूटिंगला आल्या नाहीत. पोट.

दोष गळ्यातून खाली उतरलाय. लक्षण चांगलं आहे.

सुलेमान म्हणतो, परत थर्मास दिलास तर तुलाच पाजीन.

४ फेब्रुवारी, रविवार

बाई जेवायला आल्या!! ऋतुजाने आणलं. पोट बरं झाल्यावर त्यांनीच विचारलं म्हणे, तो काढा पाठवणारा माणूस कोण. मीच आमंत्रण दिलं. तयारी जय्यत. पुढच्या खोलीत गादी, हार्मोनियम, अगरबत्ती. दोन तासांचा कार्यक्रम लिहून काढला, मध्ये पाच मिनिटं माझ्या करिअरवर.

बाई उंच, केस पांढरे, हसल्या की डोळे मिटतात. सगुणाने नाव विचारलं, दोनदा म्हणून बघितलं आणि म्हणाली, मेलं तोंडात बसत नाय, दुरपदाबाई बरं. ऋतुजाने ते सांगितलं. बाईंनी स्वतः म्हणून बघितलं, दुर-प-दा, आणि मान डोलावली. आता सगळे तेच म्हणतात.

मी हार्मोनियम उघडलं. एक पट्टी बसली होती, ती काढेपर्यंत बाई मागच्या दारी गेल्या. तिथं सगुणा जिताडा मासा साफ करत बसलेली. खाडीतला ताजा, दोन किलोचा. बाई मासळीवाल्याची लेक. सगुणाच्या हातातून कोयता घेतला, पाटावर बसल्या आणि खवले काढायला लागल्या. झगा गुडघ्यापर्यंत वर.

मी पुढं सुरू केलं. एक तास दहा मिनिटं गायलो. सुलेमान समोर होता, डोळे मिटून ऐकत होता. शेवटी हलवावा लागला.

मागून बायकांचं हसणं येत होतं. मधेच गप्प व्हायच्या. मग सगुणाचं गुणगुणणं. काम करताना तिला सवय आहे, धवल्याची.

निघताना बाईंनी माझे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ बोलल्या. ऋतुजाने सांगितलं, त्या म्हणतात तुम्ही पुढं गात होता म्हणून आम्हाला मागं निवांत बोलता आलं. हा माझा पहिला आंतरराष्ट्रीय अभिप्राय. लिहून ठेवला.

बाईंनी आणखी एक विचारलं. सगुणा काय गुणगुणत होती? मी समजावलं की ते काही नाही, लग्नातलं असतं. पण सगुणा म्हणाली, येत्या आयतवारी माज्या भावाकडं हलद हाय, पेनच्या खारात. ये म्हनाव बघायला.

कोणालाही बोलावते ही.

११ फेब्रुवारी, रविवार. सगुणाचं माहेर

हळद माझ्या मेव्हण्याच्या मुलीची, पूजाची. सगुणाला तीन दिवस सर्दी. म्हणालो, दुसरीला बोलव. ती म्हणाली, माजी भाची हाय, दुसरीला कशाला.

खारातलं गाव. एका बाजूला मिठागरं, मिठाच्या पांढऱ्या राशी. बाई गाडीतून उतरल्या तर सगळं गाव गोळा. कोणीतरी त्या माणसांना सांगायला हवं होतं की या कोण आहेत. नवरीच्या बापाने डीजे आणलेला, त्याच्याकडं माईक होता. मी घेतला.

प्रथमच माईक हातात. भाषण चांगलंच रंगलं. मासळीवाल्याची मुलगी, चार तासांची तयारी, टाचण्यांचा झगा, अकरा लॉर्ड, मग ऑपेराचा इतिहास, मग कोकणातला ऑपेरा, म्हणजे मी. मांडव हळूहळू रिकामा होत गेला. लोक जेवायला बसत होते, त्यांचा नाइलाज होता. शेवटी डीजेवाल्याने वायर काढली. मी वायरशिवाय चालू ठेवलं.

आत बायकांनी दार लावून घेतलं होतं. आवाजाने धवला ऐकू येईना म्हणून, असं नंतर कळलं.

आत काय झालं ते ऋतुजाने परतीच्या वाटेवर गाडीत सांगितलं.  जसं सांगितलं तसं लिहितो.

पूजा पाटावर बसलेली. भोवती वीसेक बायका. सगुणा धवला म्हणत होती. दुरपदाबाई तिच्याशेजारी जमिनीवर. मध्यावर आल्यावर सगुणाचा आवाज फाटला. नुसती हवा आली. बाईंनी झटकन सगुणाचा हात धरला. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता, सगुणाचा नाही. सगुणा खोकली, नाक पुसलं, आणि एकदम खालच्या सुरात उतरून पुढं म्हणायला लागली. जिथं दम पुरेना तिथं शेजारच्या म्हातारीने उचललं, मग तिच्या शेजारचीने. कोणी मान वर करून बघितलंसुद्धा नाही. हळद लागत राहिली.

एक धवला संपला तेव्हा बाईंनी ऋतुजाकरवी विचारलं, आवाज गेला तेव्हा तुला भीती नाही वाटली?

सगुणा म्हणाली, भ्याचं कशाला गो? पोरगी हलदीला बसलेली. मी थांबली तर ती तशीच बसंल ना. आन् आवाज काय माजा एकलीचा हाय? माज्या हातून सुटला तर दुसरी उचलंल.

ऋतुजाने हे इंग्रजीत सांगितलं.  पुढचा धवला सुरू झाला. दुसऱ्या फेरीला ऋतुजाला उजव्या बाजूने एक जाड, खोल आवाज ऐकू आला. तिला वाटलं कोणी म्हातारी असेल. दुरपदाबाई होत्या. शब्द येत नव्हते, नुसता सूर. डोळे मिटलेले. सोळा वर्षांनी. आणि त्यांच्याकडंही कोणी मान वर करून बघितलं नाही. शेजारच्या बाईने फक्त गुडघा सरकवून त्यांना नीट जागा करून दिली.

सुलेमान गाडी चालवत होता. तो म्हणाला, सुभानल्ला. 

मी म्हणालो, माझं भाषण भिंतीतून आत गेलं असणार.

ऋतुजाने काच खाली केली.

१२ फेब्रुवारी, सोमवार

काही सुचत नाही. काढ्याचा परिणाम बारा दिवसांनी होतो, अशी नोंद करायला हरकत नाही.

सगुणाला विचारलं, काल बाई खरंच गायल्या? ती म्हणाली, व्हय. मी विचारलं, कशा गायल्या? म्हणाली, बरोबर गायली. दम चांगला हाय तिला. मग म्हणाली, खोबरं खवून द्या.

सव्वीस वर्षांत मी एकदाही त्या दाराच्या आत बसलेलो नाही. पुरुष बसत नाहीत, असंही नाही. मेव्हणा होता आत.

१६ फेब्रुवारी, शुक्रवार. संध्याकाळी ६.००

सीन झाला. तपशिलात लिहायला हवं.

खाकी कपडे, झोळी, डोक्याला फेटा. बाई व्हरांड्यात. मी फाटकातून येतो, तार देतो, म्हणतो, टेलिग्राम, मॅडम. जातो.

पहिला टेक. ‘मॅडम’वर मला आपोआप आलाप आला. डायरेक्टर गोरा, तरणा, सभ्य. ऋतुजाला काही म्हणाला. ती म्हणाली, मामा, बोलायचं, गायचं नाही.

दुसरा. बोललो, पण आत्म्यातून बोललो. ऐकू गेलं नाही.

तिसरा. तारेत काय आहे हे रघूला माहीत असणार, म्हणून रडलो. ऋतुजा म्हणाली, मामा, रडायचंय त्यांना.

चौथा, पाचवा. निघून गेलो नाही. त्या दुःखात बाईंना एकटं सोडून रघू जाईलच कसा?

सहावा. गेलो, पण वळून बघितलं. सातवा. दोनदा वळून बघितलं.

नवव्याला डायरेक्टरने कॅमेरा जवळ आणला आणि ऋतुजा म्हणाली, आता फक्त हाताचा क्लोजअप. क्लोजअप! नवख्याला कोणी देत नाही. हात मी अतिशय भावपूर्ण पुढं केला.

मग मला आंब्याखाली बसवलं आणि बाईंचा पुढचा भाग सुरू झाला. तार वाचतात, बसतात, लेकाला लहानपणी म्हणायच्या ते गाणं म्हणतात. डब करणार असल्याने नुसते ओठ हलवायचे होते. बाईंनी डायरेक्टरला हाताने थांब म्हटलं, काहीतरी बोलल्या. साऊंडवाल्याने माईकची काठी पुढं केली.

आणि गायल्या.

आवाज खालचा. मोबाईलवर ऐकला होता तो नव्हे, त्या तरण्याताठ्या आवाजाचा मागमूस नव्हता. एका ठिकाणी फाटला. नुसती हवा. मी आंब्याचा बुंधा धरला. बाई थांबल्या नाहीत. खाली उतरल्या आणि पुढं गेल्या, पोरगी पाटावर बसलीय तशा. संपलं तेव्हा कोणी ‘कट’ म्हणेना. डायरेक्टर पाठ फिरवून उभा होता.

एक गोष्ट लिहून ठेवतो, ही वही कोणी वाचत नाही म्हणून. त्या गात असताना मी मनात एकदाही माझा सूर लावला नाही. समोर कोणी गात असलं की मी मनात नेहमी त्याच्यापेक्षा बरं गात असतो. आज नाही. आज नुसतं ऐकलं.

थकवा असणार. नऊ टेक झाले होते.

१९ फेब्रुवारी, सोमवार

शूटिंग संपलं. बाई निघाल्या. सगुणाला मिठी मारली. सगुणाने सुकट बांधून दिली, विमानात नेतात की नाही कोण जाणे. मला म्हणाल्या, थँक यू, पोस्टमन. मी म्हणालो, ऑपेरा, मॅडम. त्या हसल्या. डोळे मिटले.

रियाझ उद्यापासून, पाचला.

१ डिसेंबर, रविवार

मधल्या काळात रियाझ झाला नाही. पाऊस, मग गणपती, मग दमट हवा.

आज सिरीयलचा शेवटचा भाग आला. सुलेमानकडं मोठा टीव्ही. मी सगळ्यांना सांगितलं होतं. भजनी मंडळ झाडून आलं, हैबतराव बुवांसकट. खतीजाभाभीने, सुलेमानच्या बायकोने, तांदळाची गोड सांदणं केली होती. मी नवीन शर्ट घातला.

माझा सीन आला. फाटक उघडलं. झोळी. मग हात.

हात होता. दोन सेकंद. नखं स्वच्छ दिसली. आणि त्या हातामागून आवाज आला, टेलिग्राम, मॅडम.

माझा नव्हता.

कोणाचा तरी, मऊ, तरणा, शहरी. मी दोनदा मागं नेऊन बघायला लावलं. नव्हताच माझा. सोळा वर्षं गळा बंद पडलेल्या बाईंचा आवाज ठेवला आणि माझा डब केला.

 मग हैबतराव बुवा म्हणाले, गुणाजी, हात मात्र चांगला लावलास. एवढं वाईट मला सतरंज्या दिल्या तेव्हाही वाटलं नव्हतं. ते मनापासून म्हणाले होते म्हणून.

मग बाई गायल्या आणि सगळे माझं विसरले. शेवटी नावं वर सरकली. ऋतुजाने फोनवर सांगून ठेवलं होतं म्हणून अर्शदने, सुलेमानच्या मुलाने, थांबवून वाचून दाखवलं: विशेष आभार, सगुणा म्हात्रे. माझं नाव तिसऱ्यांदा शोधल्यावर त्याने रिमोट खाली ठेवला.

सगुणा म्हणाली, माजं कशाला घातलं? मी काय केलं?

ऋतुजाने बाईंचा निरोपही सांगितला. त्या आता लॉर्डांच्या आया करत नाहीत. गावी गेल्या, बंदराजवळ. तिथल्या चर्चच्या गाणाऱ्यांमध्ये उभ्या राहतात, खालच्या आवाजवाल्या बायकांत, तिसऱ्या रांगेत. म्हणतात, करिअरमधलं सगळ्यात चांगलं काम हेच. सगुणाची सर्दी कशी आहे विचारलंय.

एवढी मोठी बाई. तिसरी रांग. मला अजून नीट समजत नाही.

११ डिसेंबर, बुधवार. घरी, संध्याकाळ

सगुणाचा गुडघा दुखतो म्हणून आज तिच्याबरोबर पेणकडे हळदीला गेलो. पिशवी मी घेतली. ती म्हणाली, तुमी बाहेर पुरुषांत बसा. मी म्हणालो, आत बसतो. तिने एकदा बघितलं. म्हणाली, बसा, पन मधे बोलू नका.

भिंतीला टेकून बसलो. अडीच तास. विचार होता की ऐकता ऐकता चुका टिपून ठेवायच्या, घरी गेल्यावर सांगता येतील. कागद आणि पेन घेऊन गेलो होतो.

कागद कोराच आला.

एकतीस वर्षं मी या बाईच्या घरात राहतोय. रोज सकाळी चहा करते, पंप बंद करायला सांगते. ती गायला बसते तेव्हा वेगळी दिसते असं नाही. तशीच दिसते. चहा करावा तसं गाते. पण खोलीतल्या सगळ्या बायका तिच्यामागून चालतात आणि ती कोणाला ओढत नाही. म्हाताऱ्या दमल्या की हळू होते. नवरी रडायला लागली तेव्हा थांबली नाही, फक्त तिच्याकडं बघत गायली, आणि पोरगी गप्प झाली. मला हे करता येत नाही. मला असं काही करायचं असतं, हेच माहीत नव्हतं.

ठरवलं की तिला सांगायचं. मांडवात सांगणं बरं दिसलं नसतं. जेवताना बायका होत्या. एसटीत सांगू म्हटलं.

चारची रोहा गाडी मिळाली. सगुणाला खिडकी. मी वाक्य मनात तीन-चारदा घोळवलं. मग घसा साफ केला आणि म्हणालो, सगुणा, तू फार चांगलं गातेस. मी इतकी वर्षं ऐकलं नाही. चुकलं माझं.

नीट, स्वच्छ म्हणालो. पहिल्या टेकला.

ती उत्तर देईना. वाकून बघितलं तर डोकं खिडकीच्या गजाला टेकून गाढ झोपली होती, तोंड थोडं उघडं.

कंडक्टर शेजारी उभा होता. म्हणाला, काका, जरा आत सरका, मागच्या बाईला बसू द्या.

सरकलो.